नाटकात नसलेलं वाक्य

नातीचं बारसं झालं त्या वर्षी चार तरुण आमच्या झाडीपट्टीच्या नाटकावर सिनेमा करायला वडशात आले. कॅमेरा एका दिवसापुरताच भाड्याने आणला होता.

मला तेव्हा वाचता येत नव्हतं. नाटकात म्हाताऱ्या आईचं काम मी तीस वर्षं केलं, ते प्रॉम्प्टर नाकाडेमामांच्या भरवशावर. ते हळूच वाक्य द्यायचे, तेच मी मोठ्याने बोलायची.

"मावशी, इथे प्रॉम्प्टर चालणार नाही. त्याचा आवाज रेकॉर्ड होतो," दिग्दर्शक म्हणाला. "अडखळलात तर दुसरी बाई उभी करावी लागेल."

शॉट सुरू झाला आणि मला पहिलंच वाक्य आठवेना. तेवढ्यात खाटेखालून मामांचा आवाज आला. मामा लपून बसलेत असं समजून मी सगळा प्रवेश बिनचूक म्हटला. शेवटचं वाक्यही आलं तसं बोलले, "बाई, इथून पुढं तुमचं तुम्ही बोला. मला निघू द्या."

"कट! मावशी, हे वाक्य नाटकात कुठं आहे? पण राहू द्या, झकास!"

मी हसत खाटेखाली वाकले. तिथं कोणी नव्हतं.

शूटिंग अकराला सुरू झालं होतं. उद्धव नाकाडे त्याच दिवशी सकाळी नऊ वाजता आपल्या घरी वारले.