शेवटची हाक

हरेश सरपंच झाल्यापासून सख्ख्या आत्याशीसुद्धा माइकवरून बोलायचा, हेच चांगुणाआत्याच्या डोक्यात जायचं. आज तर ग्रामसभेत त्यानं गावचा कचरा कोळणींच्या मासळी सुकवायच्या ओट्यांशेजारी टाकायचा ठराव मांडला.

"आवाजी मतदान घेऊ. ज्यांचा आवाज मोठा, ते जिंकले," तो म्हणाला. बायका "नाही, नाही" ओरडून दमल्या, तेव्हा त्यानं माइक तोंडाशी धरून शेवटचा दणदणीत "हो" ठोकला.

बंदरावरच्या लिलावात जन्म काढलेली चांगुणा पदर खोचून उठली.

"आवाजाचं आम्हाला शिकवतोस? लिलावात शेवटची हाक ज्याची, माल त्याचा. मग तो कुजका का निघेना, मागं फिरायचं नाही. सगळ्यांनी ऐकलंय, हरेशा. कचरा तुझा! उद्या सकाळी बंगल्याचं फाटक उघडं ठेव."