पाकिटातली खेळी

सकाळी दवाखान्यातून फोन आला, आमची ही गेली. दुपारी बुद्धिबळाचे पंच घरी आले. अर्धवट थांबवलेल्या डावातली पुढची खेळी हिने कागदावर लिहून त्यांच्याकडे पाकिटात बंद ठेवली होती. जिंकली असती तर ग्रँडमास्टर झाली असती. “काका, डाव सोडल्याची सही करा,” ते म्हणाले. “ती मेलीय, हरलेली नाही,” मी सुनावलं. “पाकीट फोडा.” “पुढे कोण खेळणार? तुम्ही?” “मला घोडासुद्धा धड चालवता येत नाही. तिचं घड्याळ चालू द्या. वेळ संपून हरू दे, माझ्या सहीने नाही.” दुसऱ्या दिवशी मी हिच्या रिकाम्या खुर्चीमागे उभा राहिलो. पंचांनी पाकीट फोडून हिचा वजीर सरकवला. समोरचा ग्रँडमास्टर दचकला. “वहिनींनी वजीर फुकट दिला?” “घेऊन तर बघा,” मी म्हणालो. घड्याळ त्याचं चाललंय. त्याने अजून वजीर घेतलेला नाही.