तहकूब द्वंद्व

देशभरातल्या तीनशे एक निर्वाचकांत आमच्या पक्षाला एकाच मताचं बहुमत होतं, आणि राष्ट्राध्यक्षाच्या निवडीच्या आदल्या दिवशी आमचेच दोन निर्वाचक पाराना नदीकाठी द्वंद्वाला उभे राहिले. दॉन क्रिसोस्तोमो मिशी रंगवतात, असं दॉन बेलिसारियो भर कॅफेत बोलले होते.

पक्षाचे प्रांतप्रमुख दॉन फाउस्तो धापा टाकत दोन पिस्तुलांच्या मधे जाऊन उभे राहिले.

"अहो, मिशीपायी देश घालवता? उद्या मत द्या, मग खुशाल मरा!"

दोघांनी पिस्तुलं खाली केली. दुसऱ्या दिवशी त्यांनी सही करून मतं दिली आणि संध्याकाळी तार आली: एका मताने विजय. दोघांनी रडत एकमेकांना मिठी मारली.

"बेलिसारियो, खरंच रंगवतो रे मी."

"पण झकास दिसते! मलाही सांग ना, कुठला रंग?"

तेवढ्यात दॉन फाउस्तो पिस्तुलांची पेटी घेऊन आले.

"चला, घोडागाडी उभी आहे."

"अहो, आमचं मिटलं!"

"मिटलं कसं? इभ्रतीचा प्रश्न आहे," दॉन फाउस्तो म्हणाले. मग त्यांनी आवाज खाली आणला. "आणि मुख्य पोस्टमास्तरची जागा मी तुम्हा दोघांनाही कबूल केलीय."