खानसाहेबांचा कळवळा

तोरसम खान तीनदा खासदार झाले. पेशावरच्या वरच्या डोंगरातला त्यांचा मतदारसंघ. दर वेळी मतदानाआधी ते जिरग्यात, म्हणजे टोळीच्या पंचायतीत, बसून विरोधकांशी एकच करार करायचे, की खोऱ्यातल्या बायका मत द्यायला जाणार नाहीत. इज्जतीच्या बाबतीत दोन्ही पक्षांचं कधी भांडण झालं नाही.

चौथ्यांदाही ते जिंकले, पण नवा कायदा आडवा आला. एकूण मतांत बायकांची मतं दहा टक्केही नाहीत, म्हणून आयोगानं निवडणूकच रद्द केली आणि पुन्हा मतदान लावलं.

झालं! खानसाहेबांना बायकांच्या हक्कांचा असा काही कळवळा आला, की ते दारोदार हिंडू लागले.

"अरे गुलदाद, बायकोला पाठव की मत द्यायला. हक्क आहे तिचा!"

"खानसाहेब, गेल्या महिन्यात तर तुम्ही याला बेशरमपणा म्हणत होतात."

"तेव्हा कायदा नीट वाचला नव्हता रे बाबा."

बायका गेल्या. घोळक्यानं गेल्या, हसत-खिदळत गेल्या. निकाल लागला आणि खानसाहेब पाच मतांनी पडले.

सांत्वनाला आलेली माणसं पांगल्यावर ते घरात येऊन सुन्न बसले. बायकोनं, पलवशानं, कहव्याचा पेला पुढं ठेवला आणि ती हळूच म्हणाली,



"अहो, आम्ही सात जणी तर घरातच बसलो होतो. खानांच्या घरच्या बायका रांगेत उभ्या राहत नाहीत, असं तुम्हीच म्हणालात ना?"