सव्विसावी फेरी

बिरूनं रेषा ओलांडली तेव्हा मनकर्णाबाईच्या उजव्या हाताची पाचही बोटं मुडपलेली होती. रोज संध्याकाळी मेंढरं जाळीत कोंडताना ती दर पाच डोक्यांमागं एक बोट मुडपायची. आज दर पाच फेऱ्यांमागं मुडपलं होतं. पंचवीस फेऱ्या, दहा हजार मीटर. आशियाई स्पर्धेत तिचा लेक तिसरा आला होता.

पेडगावात भागवतरावांच्या ओसरीवर टीव्हीसमोर बसलेली वीस-पंचवीस माणसं एकदम उठली. कुणी शिट्टी मारली. नागनाथ हलगी आणायला पळाला.

पडद्यावर बिरू मात्र थांबला नव्हता. पांढऱ्या टोपीतला एक पंच त्याच्या आडवा आला होता. त्यानं एक बोट वर करून दाखवलं, आणि पुढं चल म्हणून हात हलवला. शेजारच्या फलकावर बिरूच्या नावापुढं चोवीसचा आकडा होता. बिरू अडखळला, त्या माणसाकडं बघितलं आणि पुन्हा पळायला लागला. पहिले दोघं गुडघ्यांवर हात टेकून धापा टाकत होते. चौथा आलेला खाली पडल्या पडल्या फलकाकडं बघत होता; तिथं तो तिसरा झाला होता.

ओसरीवरची माणसं खाली बसली. राह्यली असंल एक, भागवतराव म्हणाले. पुढच्यांनी मधी कधीतरी गाठून मागं टाकलं असंल, आपल्या ध्यानात आलं नसंल.

मनकर्णाबाई पायरीखाली, चपलांजवळ बसली होती. "झाल्या पंचवीस, मालक," ती तिथूनच म्हणाली. "त्याला कुणी गाठलं न्हाई. मी एकबी फेरी सोडली न्हाई."

"तिथं मिशीन मोजतंय, मनकर्णे. ती काय तुझी मेंढरं हायत व्हय?"

माणसं हसली. भागवतरावांच्या सुनेनं टीव्हीचा आवाज वाढवला. ती फेरी साऱ्यांनी निवांत बघितली. बिरूची मान एका बाजूला कलली होती, उजवा पाय फरफटत होता, तरी शेवटच्या शंभर मीटरांत त्यानं वेग वाढवला. जिवाच्या आकांतानं पळाला. ते बघून मनकर्णाबाईच्या मस्तकात तिडीक गेली. पंचाचा राग होताच. पण पळणाऱ्या लेकाचा त्याहून जास्त आला.

फलकावर तो अकरावा लागला.

पोरगं गुणाचं हाय, भागवतराव म्हणाले. सांगितलं तसं पळालं, उलटून बोललं न्हाई. माणसांनी माना डोलावल्या. कुणाच्या बोलण्यात खोट नव्हती. ते खरंच कौतुक करत होते. मनकर्णाबाईला ते कौतुक चाबकासारखं लागलं. बांधावरून कुणी हात केला की मेंढरं उठवायची आणि चालू पडायचं, का म्हणून विचारायचं नाही, हे बिरूला तिनंच शिकवलं होतं. त्याला नीट बोलता येत नव्हतं तेव्हापासून शिकवलं होतं.

समोर आलेला चहा तसाच ठेवून ती उठली. धाकटी लेक चंदा तिच्यामागं निघाली. दोघी शाळेच्या भिंतीपाशी पोचल्या तेव्हा चंदाचा मोबाइल वाजला. बिरूचा होता. चंदानं फोन आईच्या कानाजवळ धरला.

आधी नुसती धाप ऐकू आली.

"माय, बघितलंस का?"

"बघितलं. तू मोजलं न्हाईस?"

"मोजलं होतं."

"किती झाल्या होत्या?"

"पंचवीस."

"मंग काऊन पळालास?"

"त्या साहेबानं हात केला, माय."

मनकर्णाबाईनं डोळे मिटून घेतले. तोंडात आलेलं सगळं तिनं गिळलं. आता काय करायचं असतं, एवढंच विचारलं.

बिरू तुटक तुटक सांगत राहिला. अर्ध्या तासाच्या आत लेखी तक्रार द्यायची असते. दिली तर शर्यतीची फिल्म परत बघतात. पण संघाचे मॅनेजर म्हणत होते, राहू दे, उगाच त्या लोकांच्या डोळ्यावर येशील, पुढच्या साली बघू. हॉटेलला जाणारी गाडी समोर लागली होती. सगळी पोरं बसली होती.

"मॅनेजरबिगर देता येती का तक्रार?"

"येती."

"मंग?"

"इंग्रजीत लिव्हावं लागतंय."

"पंचवीसचा आकडा येतो का इंग्रजीत?"

पलीकडं गाडीचा हॉर्न वाजला.

"बिरू, मी काय इचारायलेय?"

"येतोय."

"तेवढाच लिही. आन् फिल्म बघस्तोवर तिथून हलू नको. कुणी हात करू दे न्हाईतर पाय धरू दे."

पलीकडून कुणीतरी हाक मारली. "बिरू, चलो भाई, सब रुके हैं." मग तीच हाक पुन्हा आली, जरा चढ्या आवाजात. चंदानं आईच्या तोंडाकडं बघितलं. मनकर्णाबाईनं तिचा हात धरून फोन कानाशी आणखी दाबला.

गाडीचं दार ओढून घेतल्याचा आवाज झाला. इंजिन गुरगुरलं, मोठं झालं, मग लांब जात जात ऐकू येईनासं झालं.

फोनमध्ये बिरूचा श्वास होता तिथंच होता.