नदीला द्यायची पोथी

आषाढात कावेरीला पाणी चढलं, तशी अळगम्माळ आपल्या सुनेला, पोन्नीला, घेऊन घाटावर आली. जुन्या पोथ्या आषाढात नदीला द्यायच्या रिवाजाप्रमाणे तिला आपल्या गेलेल्या नवऱ्याच्या ताडपत्रांचं गाठोडं पाण्यात सोडायचं होतं. दोघींत अक्षर फक्त पोन्नीला येई.

पोन्नीनं सहज एक पान वाचलं आणि ती लाजली.

"काय गं? मंत्रच आहेत ना?"

"नाही, आत्याबाई. एक बाई मैत्रिणीला सांगतेय, 'समुद्रावरच्या वाऱ्याला आज त्याच्या केसांचा वास आहे. मला झोप कशी लागावी?'"

म्हातारीनं सोडायला उचललेलं गाठोडं मागे घेतलं. चाळीस वर्षांच्या संसारात नवरा एक गोड शब्द बोलला नव्हता. "रोज हे वाचायचे होय!"

गाठोडं मांडीवर घेऊन ती पाण्यात पाय सोडून बसली. "वाच पुढे. तो तिला काय म्हणतो, ते मला ऐकायचंय."