भाजणीची रांग

बेलीफने गिरणीच्या पट्ट्याला हात घातला आणि मी आडवी आले. ह्यांच्या आजारपणात गिरणीच्या कर्जाचे हप्ते थकले होते, बँकेने दावा लावला, कोर्टाने जप्तीचा हुकूम दिला. तेव्हा गावात गिरणी आमची एकच. दिवाळी तोंडावर, आणि दारात भाजणीच्या डब्यांची ही लांब रांग.

"लावलेली दळणं झाल्याशिवाय गिरणी बंद होत नाही," मी बेलीफबरोबर आलेल्या बँकेच्या साहेबांना म्हणाले. "तुम्हीही नंबर लावा."

"बाई, हा कोर्टाचा हुकूम आहे!"

"असू दे की!" रांगेतली एक बाई पदर खोचून पुढे आली. "मग चकल्या काय त्या हुकुमाच्या पाडू?"

साहेबांनी वळून पाहिलं आणि ते एकदम मवाळले. ती त्यांचीच बायको होती.

बायकांना हसू आवरेना. बेलीफ पोत्यावर टेकला. शेवटचं दळण उतरेपर्यंत कचेरीची वेळ संपली, आणि दुसऱ्या दिवसापासून कोर्टाला दिवाळीची सुट्टी.

सुट्टीनंतर लोकन्यायालयात मी हप्ते बांधून मागितले. जज्जसाहेबांनी बँकेला विचारलं, "तुमची काही हरकत?"

"अजिबात नाही," साहेब घाईघाईने म्हणाले. "मला संध्याकाळी घरी जायचंय."